आसिमच्या खात्यातली नाव

मित्रांनो, मी एक जुना गेम कन्सोल आहे. खामगावातल्या एका साध्या घरात, पुढच्या खोलीत, टीव्हीखालच्या फळीवर माझी जागा आहे. एके काळी मी पांढराशुभ्र होतो. आता माझ्या उजव्या कोपऱ्याला तडा गेला आहे आणि मला चालू केलं की आतला पंखा घरघरतो. तो तडा कसा गेला तेच मी आज सांगणार आहे. तो गेला नसता, तर एका बाईचं आठ महिन्यांचं काम माझ्या पोटातून कायमचं पुसलं गेलं असतं. आणि पुसणारा तिचा स्वतःचा मुलगा असता.

माझा जन्म समुद्रापलीकडच्या एका कारखान्यात झाला. माझ्यात चकती घालायची फट नाही. ज्या कन्सोलला ती असते त्याचं सोपं असतं, कारण चकती ज्याच्या हातात, खेळ त्याचा. माझे खेळ इंटरनेटवरून उतरतात. ते राहतात माझ्या पोटात, पण मालकी असते त्या खात्याची, ज्यावर ते घेतले. खात्याला नाव असतं, पासवर्ड असतो. मित्रांनो, ही गोष्ट नीट लक्षात ठेवा. पुढचं सगळं तिच्यामुळेच घडलं.

अकोल्याच्या दुकानात आम्ही दोन कन्सोल एकावर एक ठेवलेले होतो. प्रसेनजित गवई आणि आसिम हे दोन मित्र आले आणि दोघांनी आम्हा दोघांना एकाच दिवशी घेतलं. येताना आसिम मोटारसायकल चालवत होता आणि प्रसेनजित मागे बसून दोन्ही खोकी मांडीवर सांभाळत होता. रस्त्यात खड्डा आला की तो ओरडायचा, "हळू बे, माह्या मांडीवर दोन लेकरं आहेत!" मी प्रसेनजितच्या घरी आलो, माझा जोडीदार आसिमच्या घरी गेला.

दोघं तंत्रनिकेतनात एका बाकावर शिकलेले. प्रसेनजित बुलढाण्याच्या एका लॅबमध्ये रक्त तपासायच्या कामाला लागला होता, रोज बसनं घाट चढून जायचा. आसिम वडिलांच्या, म्हणजे फकीर मोहम्मदांच्या दुकानात शिलाई मशिनी आणि छोट्या मोटारी दुरुस्त करायचा. त्या दुकानाशी या घराचं नातं पोरांच्याही आधीचं. प्रसेनजितची आई जनकाबाई सव्वीस वर्षं शाळेचे गणवेश शिवत होती, आणि तिच्या मशिनीचं प्रत्येक दुखणं फकीर मोहम्मदांनीच काढलेलं होतं.

आता आमच्या जगातला एक नियम सांगतो. प्रत्येक खात्याला एक कन्सोल घर म्हणून नेमून द्यावा लागतो. त्या घरच्या कन्सोलवर त्या खात्याचे खेळ कुणीही खेळू शकतं. बाकीच्या कन्सोलवर मात्र खातेदारानं स्वतः आपल्या नावानं आत यावं लागतं. या दोघांनी काय केलं, तर आसिमनं आपल्या खात्याचं घर मला केलं आणि प्रसेनजितनं आपल्या खात्याचं घर आसिमच्या कन्सोलला केलं. त्यामुळे एकानं घेतलेला खेळ दोन्ही घरांत चालू लागला. त्यासाठी दोघांनी एकमेकांना पासवर्ड सांगितले. कागदावर लिहिले नाहीत, तोंडीच सांगितले.

तीन वर्षं असं सुरळीत चाललं. माझं पोट लहान, म्हणून नवा खेळ उतरवायचा तर जुना काढावा लागे. काढलेला खेळ पुन्हा उतरवता येतो, त्यामुळे काढताना कुणाला काही वाटत नसे. पण खेळाडू कुठवर पोचला, त्यानं काय कमावलं, काय उभं केलं, हे सगळं ज्याचं त्याच्या नावाखाली माझ्याच पोटात राहतं. ते एकदा पुसलं की परत येत नाही. हा फरक आसिमला माहीत होता. प्रसेनजितनं त्याचा कधी विचार केला नव्हता.

मग एके दिवशी जनकाबाईच्या अंगावरून वारं गेलं. कापड कापता कापता ती खाली बसली आणि उठलीच नाही. तीन आठवडे दवाखान्यात होती. परत आली तेव्हा उजवा हात मांडीवर नुसता पडलेला असायचा आणि बोलताना शब्द अडायचे. तिला काय म्हणायचं ते डोळ्यांत दिसे, पण जिभेवर एखादाच शब्द येई.

रेणुका नावाची एक फिजिओथेरपिस्ट आठवड्यातून तीनदा घरी येऊ लागली. तिनं हातात रबरी चेंडू दिला. "काकू, दाबा. सोडा. पुन्हा दाबा." जनकाबाईनं चार दिवस दाबला आणि पाचव्या दिवशी तोंड भिंतीकडे केलं. रेणुकानं समजावलं, प्रसेनजित रागावला, नंतर रडलाही. तिनं चेंडूकडे पाहिलं नाही.

आसिम दर रविवारी यायचा. एका रविवारी त्यानं माझा कंट्रोलर उचलला आणि मागचं बटण बोटानं दाबून पाहिलं. ते बटण जरा जड आहे, दाबून धरावं लागतं. तो म्हणाला, "काकू, चेंडू राहू द्या. हे पाहा."

त्यानं आपल्या खात्यावर नावेचा एक खेळ घेतला. एक छोटी नाव नदीच्या या काठावरून त्या काठावर माणसं आणि सामान नेते. डाव्या अंगठ्यानं वळवायची. काठाला लागली की उजव्या बोटानं ते जड बटण दाबून दोर धरायचा. लवकर सुटला तर नाव वाहून जाते, माणसं काठावर हात हलवत राहतात. दोर किती वेळ धरला तो आकडा मी पडद्यावर दाखवतो. पहिल्या दिवशी मी दाखवला एक सेकंद. नाव वाहून गेली. जनकाबाईनं "अरे!" असं म्हटलं आणि कंट्रोलर पुन्हा मांडीवर ओढून घेतला. घरात सगळे एकमेकांकडे पाहू लागले, कारण तो शब्द अडखळला नव्हता.

त्या दिवशी माझ्यावर आसिमचं नाव उघडलेलं होतं. जनकाबाईसाठी वेगळं नाव उघडायला पाच मिनिटं पुरली असती. "नंतर करू," आसिम म्हणाला. मित्रांनो, ते नंतर आलंच नाही. ती रोज आसिमच्या नावाखालीच खेळत राहिली. आपल्या नावेला तिनं आपल्या आईचं, मनकर्णेचं नाव दिलं. आसिमला ते इतकं आवडलं, की त्यानं खेळातल्या त्या नावेचं गोल चित्र आपल्या नावाशेजारी लावून टाकलं.

चार सेकंद. अकरा. पावणेदोन महिन्यांनी वीस. रेणुका आली की आधी माझ्याकडे बघायची आणि आकडा वहीत उतरवून घ्यायची. आठव्या महिन्यात जनकाबाई अडतीस सेकंद दोर धरू लागली, आणि मनकर्णेच्या दोनशे बारा फेऱ्या झाल्या. मी आयुष्यात मोठमोठ्या लढाया आणि शर्यती पाहिल्या आहेत, पण त्या संथ नावेइतका अभिमान मला कशाचाच वाटला नाही.

याच दिवसांत प्रसेनजितच्या हातून एक चूक झाली. लॅबमध्ये त्याच्यासोबत अश्वजित नावाचा एक जण काम करायचा. जेवणाच्या सुट्टीत तो म्हणाला, आसिमनं घेतलेला अमुक खेळ मला दोन दिवस बघू दे. प्रसेनजितनं त्याला आसिमचा पासवर्ड सांगून टाकला. आसिमला विचारलं नाही. अश्वजितनं घरी जाऊन आपल्या कन्सोलवर ते नाव उघडलं, समोर 'हाच कन्सोल घर करायचा का?' असा प्रश्न आला, त्यानं न वाचता 'हो' दाबलं. त्या एका दाबण्यानं आसिमच्या खात्याचं घर मी उरलो नाही. माझ्यातल्या आसिमच्या सगळ्या खेळांवर कुलपाचं चिन्ह आलं.

आसिमच्या फोनवर सूचना गेली, की तुमचं घर बदललं आहे. त्याला वाटलं खातं चोरलं. घाबरून त्यानं पासवर्ड बदलला, घर अश्वजितकडून काढून स्वतःच्या कन्सोलवर नेलं आणि तडक इकडे आला. कसं झालं ते प्रसेनजितनंच सांगितलं, हसत हसत सांगितलं. आसिम हसला नाही.

"म्या पासवर्ड तुले देल्ला होता. तू त्याले काऊन देल्ला बे?"

"अरे, दोन दिवसांसाठी. तो काय खाऊन टाकते का?"

"त्याच खात्यात माह्या फोनचा नंबर आहे, माह्या बहिणीचं नाव आहे. मले एक फोन कराले काय झालं होतं?"

"एवढ्याशा गोष्टीचं तू किती करून राह्यला! गेमच त आहे."

"गेम नाई," आसिम म्हणाला. "म्या तुह्यावर भरोसा ठेवला, त्याचं बोलून राह्यलो."

तो चप्पल घालून निघून गेला. प्रसेनजितनंही तोऱ्यात आपल्या खात्याचं घर आसिमच्या कन्सोलवरून काढून माझ्याकडे आणलं. आता दोन्ही घरांत कुलपं लागली. रागाच्या भरात दोघांनाही आठवलं नाही, की मधल्या खोलीत एक बाई बसली आहे आणि तिची नाव काठाला बांधलेली आहे.

दुसऱ्या दिवशी जनकाबाई रोजच्या वेळी माझ्यासमोर येऊन बसली. बटण दाबलं. मी कुलूप दाखवलं. तिनं पुन्हा दाबलं. मी पुन्हा कुलूप दाखवलं. मला दुसरं काही करताच येत नव्हतं. ती बराच वेळ त्या चिन्हाकडे बघत बसली. मग तिनं कंट्रोलर बाजूला ठेवला आणि उजवा हात डाव्या हातानं उचलून मांडीवर घेतला.

आठ दिवस असेच गेले. रेणुकानं बोटं उघडून पाहिली आणि तिचा चेहरा उतरला. "दादा, बोटं पुन्हा आखडू लागली. काहीही करा, पण हे सुरू करा. आता थांबलं तर मागचं सगळं जाईल."

प्रसेनजितनं आसिमला फोन केला नाही. त्यानं स्वतःशी एक तोड काढली. तोच नावेचा खेळ आपल्या खात्यावर घ्यायचा आणि आसिमला माझ्यातून काढून टाकायचं. आसिमचं नाव गेलं की माझ्या पोटात जागाही होईल. आई जिथं थांबली तिथूनच पुढे खेळेल, असं त्याला वाटलं. मित्रांनो, तो वाईट मुलगा नव्हता. त्याला आईचा हातच वाचवायचा होता. म्हणूनच मला जास्त भीती वाटत होती.

रविवारची दुपार होती. जनकाबाई खुर्चीत बसलेली. कंट्रोलरची चार्जिंग संपलेली, म्हणून तो वायरनं मला जोडलेला होता. प्रसेनजितनं माझ्यातली नावांची यादी उघडली. स्वतःचं नाव, खाली आसिमचं. आसिमच्या नावाशेजारी ते नावेचं गोल चित्र. त्यानं आसिमचं नाव निवडलं आणि 'डिलीट' दाबलं.

अशा वेळी मला फक्त एक गोष्ट करता येते. मी थांबतो आणि पडद्यावर एक ओळ दाखवतो. या नावाखाली साठवलेलं सगळं पुसलं जाईल, ते परत मिळणार नाही, पुसायचं का? ओळ इंग्रजीत असते. प्रसेनजितनं अशा ओळी शेकडो वेळा पाहिल्या होत्या आणि एकही वाचली नव्हती. मी ती जितकी ठळक दाखवता येते तितकी दाखवली. त्याचा अंगठा 'हो'कडे सरकला.

जनकाबाईला इंग्रजी येत नव्हतं. पण चित्र ओळखू येत होतं.

"नाव," ती म्हणाली.

प्रसेनजितनं मागे पाहिलं नाही. "त्याचं नाव नको काढू माय. त्याचंच नाव काढून राह्यलो म्या."

"नाव... नको. नाव!"

"तुले त्याचा एवढा पुळका काऊन आहे? त्यानं तुह्या हाताचा इचार केला का? लावलं कुलूप, मोकळा झाला!"

तिला म्हणायचं होतं मनकर्णा. म्हणायचं होतं दोनशे बारा फेऱ्या, अडतीस सेकंद, माझी आहे, थांब. जिभेवर येत होता एकच शब्द, आणि त्या शब्दाचे दोन अर्थ होते. मुलाला दुसराच अर्थ ऐकू येत होता. त्यानं अंगठा बटणावर ठेवला.

जनकाबाईनं डाव्या हातानं खुर्चीचा दांडा धरला, पुढे झुकली आणि उजव्या हातानं ती वायर पकडून ओढली.

मी फळीवरून सुटलो. कोपऱ्यावर फरशीला आपटलो. माझी मागची पिन हिसक्यानं निघाली, पडदा काळा झाला आणि मला पुढचं काही कळेनासं झालं.

मधला भाग मला नंतर याच खोलीत झालेल्या बोलण्यातून समजला. प्रसेनजित आधी ओरडला. मग त्याचं लक्ष आईच्या हाताकडे गेलं. ज्या हातात पाण्याचा पेला ठरत नव्हता, त्या उजव्या हाताच्या मुठीत वायर घट्ट होती. तिला ती पटकन सोडताही येईना. त्यानं खाली बसून तिचं एकेक बोट उघडलं. तेवढ्या वेळात त्याचा राग ओसरला. त्यानं मला जोडून पाहिलं, पण मी चालू झालो नाही.

मला उघडून नीट करील असा खामगावात त्याच्या ओळखीचा एकच माणूस होता. प्रसेनजितचं पाऊल तिकडे उचलेना. शेवटी जनकाबाईनंच मला टॉवेलात गुंडाळायला लावलं, आपल्या मांडीवर घेतलं आणि रिक्षा बोलवायला सांगितली.

फकीर मोहम्मदांचं दुकान शुक्रवारी बंद आणि रविवारी उघडं असतं. जनकाबाईला पायरीशी पाहून ते लगबगीनं उठले.

"या बाई, या. मशीन आणली का? निरोप द्याचा, पोरगा घरी आला असता."

टॉवेल बाजूला झाला. त्यांनी मला पाहिलं, मग बाहेरच थांबलेल्या प्रसेनजितला पाहिलं. "पोराचं दिसते हे."

"नाई," जनकाबाई म्हणाली. मग श्वास घेऊन, "माह्यं."

आसिम आत टेबलाशी बसलेला होता. तो उठून आला, मला उचललं, हलवून कानाशी धरलं. प्रसेनजितकडे पाहिलं नाही. "काकूसाठी खोलून राह्यलो. तुह्यासाठी नाई," तो म्हणाला. "पडला कसा?"

प्रसेनजितनं सांगितलं. नाव काढायला घेतलं होतं इथपर्यंत आला आणि आसिमच्या हातातला स्क्रू ड्रायव्हर थांबला.

"माह्यं नाव? बे, काकूचा सगळा खेळ माह्याच नावात आहे! तू 'हो' दाबलं का?"

"दाबत होतो. दाबलं का नाई, मले आठवत नाई."

"काकू काही म्हणल्या नाई?"

"म्हणत होती," प्रसेनजित म्हणाला. "नाव, नाव करून राह्यली होती." एवढं म्हणता म्हणता त्याला त्या शब्दाचा दुसरा अर्थ कळला. तो पायरीवर खाली बसला.

फकीर मोहम्मदांनी भिंग डोळ्याला लावलं. वीज आत येते तिथला एक टाका तुटला होता. त्यांनी सोल्डरिंगची गन उचलली. तुटलेला टाका पुन्हा जोडला. दहा मिनिटांनी त्यांनी मान हलवली आणि आसिमनं मला दुकानातल्या जुन्या टीव्हीला जोडलं.

मला जाग आली. पण माझं पोट विस्कटलेलं होतं. कुठली गोष्ट कुठे ठेवली ते मलाच सापडेना. मी पडद्यावर तीन पर्याय दाखवले. साठा तपासा. साठा जुळवा. सगळं पुसून नव्यानं सुरू करा.

"तिसऱ्यावर बोट गेलं त संपलं," आसिम पुटपुटला. त्यानं दुसरा दाबला.

मी जुळवायला लागलो. पडद्यावर एक पट्टी पुढे सरकते, तेवढंच बाहेरच्याला दिसतं. आत मी एकेक तुकडा उचलून बघत होतो, हा कुणाचा, हा कुठला. पट्टी अर्ध्यावर आली. थोडी पुढे गेली. आणि अडली. माझ्यातला एक कोपरा आपटल्यानं खराब झाला होता आणि तिथलं मला वाचता येत नव्हतं.

पाच मिनिटं झाली. दहा झाली. चहा आला, कुणी घेतला नाही. जनकाबाई पट्टीकडे टक लावून बसली होती, आणि तिचं उजवं बोट टॉवेलाच्या काठावर दाबलेलं होतं, जणू दोर धरला आहे.

"बंद करून पुन्हा लावू का?" प्रसेनजितनं विचारलं.

"हात लावू नको," आसिम म्हणाला. "आता बंद केलं त जे आहे तेही जाईन."

प्रसेनजित आसिमकडे वळला. "चुकलं माह्यं. अश्वजितले द्याच्या आधी तुले विचाराले पाह्यजे होतं. अन् म्या हसलो, ते त लईच चुकलं."

फकीर मोहम्मद भिंग पुसत म्हणाले, "आसिम, तूही कुलूप लावलं. बाईले काय सांगतलं तू? एक शब्द तरी?"

आसिमची मान खाली गेली. "नाई सांगतलं, अब्बा."

त्याच वेळी मला तो कोपरा ओलांडता आला. खराब तुकडे मी सोडून दिले आणि उरलेले जुळवले. पट्टी शेवटाला पोचली. नावांची यादी आली. वर प्रसेनजितचं नाव होतं, पण त्याच्याखाली काही नव्हतं. त्याचं इतक्या वर्षांचं सगळं त्या खराब कोपऱ्यात होतं, ते गेलं. खाली आसिमचं नाव होतं आणि शेजारी गोल चित्र. 'हो' दाबलं गेलंच नव्हतं.

मी पासवर्ड मागितला. आसिमनं कंट्रोलर घेतला आणि प्रसेनजितकडे पाठ केली. मग एकेक अक्षर टाकलं. त्याचं ते वळणं सगळ्यांनी पाहिलं. प्रसेनजितनंही पाहिलं आणि तो स्वतःच उठून दाराकडे तोंड करून उभा राहिला.

आता राहिलं घर. आसिमनं फोनवरून इंटरनेट जोडलं आणि मला पुन्हा घर करायला घेतलं. मी नियमाप्रमाणे सांगितलं, या वर्षातला हा शेवटचा बदल, यानंतर वर्ष संपेपर्यंत बदलता येणार नाही. या वेळी ती ओळ आसिमनं मोठ्यानं वाचली.

"म्हंजे माह्या घरी बहिणीचं खेळणं बंद," तो म्हणाला. "अन् आता काही गडबड झाली त मले वर्षभर काहीच करता येणार नाई." तो दाराकडे वळला. "पश्या, इकडं पाह्य. घर काकूच्या तथी देऊन राह्यलो. पासवर्ड तुले आता देणार नाई. चालन?"

"चालन," प्रसेनजित म्हणाला.

आसिमनं 'हो' दाबलं. कुलपं गळून पडली. नदी आली, काठ आला, मनकर्णा बांधलेली दिसली. फेऱ्या दोनशे बारा. जनकाबाईनं तोंडावर पदर धरला.

मग आसिम तिच्याजवळ खाली बसला. "काकू, तेव्हा म्या नंतर करू म्हटलं, ते आज करू. तुमच्या नावाचं खातं काढून देतो. म्हंजे उद्या आम्ही दोघं डोकं फोडून घेतलं तरी तुमचं पुसल्या जाणार नाई. पण एक आहे. या खात्यातलं त्या खात्यात जात नाई. तिथं पहिल्यापासून सुरू करा लागन. तुम्हाले पाह्यजे त हेच खेळा."

मला वाटलं ती नाही म्हणेल. दोनशे बारा फेऱ्या कोण सोडील? मग तिनं डावा हात स्वतःच्या छातीवर ठेवला आणि म्हणाली, "काढ."

आसिम अक्षरं दाखवत गेला आणि तिनं उजव्या बोटानं आपलं नाव टाकलं. जनका एवढं लिहायला तिला सहा मिनिटं लागली. कुणी मदतीला हात पुढे केला नाही. नवी नदी उघडली. नवी नाव, रिकामी, फेऱ्या शून्य. ती पलीकडच्या काठाला लागली आणि जनकाबाईनं जड बटण दाबलं. मी मोजत होतो. दहा. वीस. तीस. फकीर मोहम्मद भिंग हातात धरून उभे होते. एक्केचाळिसाव्या सेकंदाला तिनं बटण सोडलं, सुटलं म्हणून नाही, नाव बांधून झाली म्हणून.

मित्रांनो, या गोष्टीला आता दीड वर्ष झालं. आसिम रविवारी येतो, पण दर रविवारी नाही. दोघं बोलतात, हसतात, पण पूर्वीसारखं एकमेकांच्या ताटातलं उचलून खात नाहीत. तेही कदाचित परत येईल, मला ठाऊक नाही. माझ्यापेक्षा नवे, वेगवान कन्सोल बाजारात आले आहेत आणि प्रसेनजित कधी कधी फोनवर त्यांची चित्रं बघत असतो. एक दिवस मला फडक्यात गुंडाळून कपाटावर ठेवलं जाईल. त्याची मला तक्रार नाही.

माझी विनंती एवढीच आहे. घरात ज्याचं त्याचं खातं ज्याच्या त्याच्या नावानं असू द्या. मग ती आजी असो, नाही तर चार वर्षांचं पोर. विश्वासानं मिळालेला पासवर्ड तिसऱ्याला देऊ नका. आणि काही पुसायला बसलात, की मी एक ओळ दाखवीन. ती वाचा. वाचता आली नाही तर मागे वळून घरातल्या माणसांना विचारा, यात कुणाचं काही आहे का? उत्तर यायला वेळ लागेल, शब्द अडतील. घाई करू नका. तुम्ही 'हो' किंवा 'नाही' म्हणेपर्यंत मी थांबून राहतो.